लकवा चढला की उतरला?

जीबीएस, म्हणजे गियां-बारे सिंड्रोम, काय असतो हे आता कुणाला सांगावं लागत नाही. जानेवारी २०२५ मध्ये पुण्यात सिंहगड रस्ता, नांदेडगाव, किरकटवाडी या भागांत रुग्ण वाढत गेले आणि पाणी, कॅम्पायलोबॅक्टर जिवाणू, इंजेक्शनांच्या किमती हे सगळं सगळ्यांना तोंडपाठ झालं. मला मात्र या आजाराच्या नावात जागा न मिळालेला माणूस जास्त मोठा वाटतो.

गियां, बारे आणि स्ट्रोल यांनी १९१६ मध्ये दोन फ्रेंच सैनिकांच्या मणक्यातलं पाणी तपासलं. प्रथिनं वाढलेली, पेशी मात्र जेमतेम. निदानाला त्याचा मोठा आधार झाला, यात वाद नाही. पण आजाराचं चित्र झां लांद्री या फ्रेंच डॉक्टरनं १८५९ मध्येच रेखाटलं होतं. मणक्यातलं पाणी काढायची सोय तेव्हा नव्हती. गुडघ्यावर हातोडी मारून बघायची पद्धतही अजून यायची होती. रुग्णाच्या उशाशी बसून त्यानं क्रम टिपला: आधी पाय लुळे पडतात, मग धड, हात, शेवटी श्वास. बरं होताना क्रम उलटा. त्यानं नोंदवलेल्या दहा रुग्णांपैकी आठ वाचले. १८६५ मध्ये कॉलऱ्याच्या रुग्णांची सेवा करताना त्यालाच कॉलरा झाला आणि चाळिशीच्या आतच तो गेला.

लांद्रीची ही दिशा जुन्नर-आंबेगावात फार कामाची आहे. कारण इथं लकवा म्हटलं की आधी मण्यार आठवायला हवी. जमिनीवर झोपलेला माणूस पहाटे पोटदुखीनं उठतो, पापण्या उघडत नाहीत, थुंकी गिळवत नाही. अंगावर दंशाची खूण बहुधा सापडतच नाही. हा लकवा डोळ्यांकडून खाली उतरतो, तोही काही तासांत. जीबीएस सहसा जुलाब किंवा सर्दी-खोकला होऊन गेल्यावर येतो आणि पायांकडून वर चढायला दिवस घेतो. डोळ्यांपासून सुरू होणारा जीबीएसही असतो (मिलर फिशरनं तो १९५६ मध्ये नोंदवला), म्हणून नुसत्या दिशेवर निकाल देता येत नाही. रात्री कुठे झोपला होता, हे विचारावंच लागतं. नारायणगावात डॉ. सदानंद राऊत वर्षानुवर्षं सर्पदंशाचे रुग्ण बघत आले आहेत, हे या भागाचं भाग्य.

उपचार वेगळे. एकाला इम्युनोग्लोब्युलिन किंवा प्लाझ्मा बदलणं, दुसऱ्याला सर्पविषावरचा उतारा, आणि तो उशिरा दिला तर नसांच्या टोकांना झालेली इजा त्यानं भरून येत नाही. श्वासाचं संकट मात्र दोघांनाही सारखंच. पाण्याबद्दल भरपूर बोललं गेलं, योग्यच झालं. पण आहुपे किंवा घाटघरसारख्या आडगावाहून निघालेल्या रुग्णाचा श्वास वाटेतच मंदावला तर हातानं दाबायची अंबू बॅग गाडीत आहे का, आणि ती दाबता येणारं कुणी सोबत आहे का, हा प्रश्न तालुक्याच्या बैठकीत कुणी तरी विचारायला हवा.