देवघरातला शंख आणि खाडीतले कालव

आमच्या शाळेत घडलेला एक प्रसंग सांगूनच या लेखाचा आरंभ करणे भाग आहे. तो घडला नसता, तर आयुष्यभर मराठीचे अध्यापन केलेल्या आमच्यासारख्याने प्राणिशास्त्राच्या प्रांतात पाऊल टाकण्याचे धाडस केलेच नसते.

काही वर्षांपूर्वी आम्ही गोव्यातील एका खाडीकाठच्या सरकारी शाळेत मुख्याध्यापक होतो. विज्ञानाचे शिक्षक दीर्घ रजेवर गेले आणि सहावीची सहामाही प्रश्नपत्रिका काढण्याचे काम आमच्याकडे आले. 'गटात न बसणारा प्राणी ओळखा' या सदरात आम्ही चार नावे दिली : तिसरी, कालव, माणकी, खुबा. उत्तर आमच्या मते उघड होते. तिसरी, कालव आणि खुबा हे शिंपल्यात राहणारे जीव. माणकी मात्र मऊ, लिबलिबीत, दहा बाहूंची आणि पाण्यात सुळकन पोहणारी. तेव्हा 'माणकी' असे लिहिणाऱ्यास एक गुण, इतरांस शून्य.

एका मुलीने लिहिले होते, 'चौघेही एकाच गटातले आहेत.' आम्ही तांबड्या शाईची फुली मारली.

दुसऱ्या दिवशी ती उत्तरपत्रिका घेऊन कचेरीच्या दाराशी उभी राहिली. तिची आई बाजारात मासळी विकत असे.

"सर, माझे उत्तर का चुकले?"

"अगं, माणकीला शिंपला कुठे असतो?"

"असतो, सर. आत असतो. साफ करताना आई तिच्या पाठीतून काचेसारखी पट्टी ओढून काढते. आई म्हणते, हिने आपली शिंप पोटात लपवली आहे."

"बरे, पुस्तकात पाहून सांगतो," असे म्हणून आम्ही तिला वर्गात पाठवले. त्या रात्री खरोखरच पुस्तके उघडली, आणि आमच्या ध्यानात आले की चुकलो होतो ते आम्ही.

ज्या संघाला शास्त्रज्ञ 'मॉलस्का' आणि आपले मराठी ग्रंथ 'मृदुकाय' म्हणतात, त्याचे सभासद समुद्रापासून शेकडो कोस दूर असलेल्या घरांतही नांदत असतात. इंदूर-ग्वाल्हेरच्या वाचकांनी आपले देवघर पाहावे. तेथला शंख हे एका मृदुकाय प्राण्याचे घर होते. भवानीच्या भुत्याच्या गळ्यातील कवड्यांची माळ हे त्याच्याच भाऊबंदांचे धन. हैदराबादच्या पेठेतून आणलेले नथीचे मोती हे तिसऱ्या शाखेचे देणे. आणि जुन्या घरांत आजीच्या औषधाच्या बटव्यात असणारे 'समुद्रफेन' हा तर या सर्वांवर कडी करणारा नमुना. नाव सांगते की हा समुद्राचा फेस. वस्तुतः ते माणकीच्या एका जातभाईच्या पाठीतील कवच आहे. तो प्राणी मेल्यावर हलके, पांढरे कवच तरंगत किनाऱ्याला लागते, आणि पाहणाऱ्याला तो वाळलेला फेस वाटतो. बाजारवाल्या माउलीने जे एका वाक्यात सांगितले, ते या पांढऱ्या वडीत आपल्या घरात पडून होते.

आता या संघाची ओळख कशावरून पटते ते पाहू. अंग मऊ असते, पाठीचा कणा नसतो. म्हणूनच बाजारात आपण तिसऱ्यांना 'मासळी'त धरत असलो, तरी त्या मासे नव्हेत. खाली स्नायूंचा एक 'पाद', वर पोटातील इंद्रियांचा गोळा, आणि या गोळ्यावर शालीसारखे पांघरलेले कातडे, ज्याला 'प्रावार' म्हणतात, असा हा एकूण सांगाडा. हा प्रावारच चुनखडी स्रवून कवच घडवतो. शिंपला, शंख, कवडी, मोती आणि समुद्रफेन ही सारी या एका शालीची विणकामे होत.

मग रूपांत एवढा फरक का? आम्ही भाषेचे विद्यार्थी; आम्हाला उपमा व्याकरणातलीच सुचणार. संस्कृतातील 'हृ' हा एकच धातू. परंतु उपसर्ग बदलला की आहार, विहार, प्रहार, संहार असे परस्परांशी ओळखही न सांगणारे शब्द तयार होतात. ऐकणाऱ्याला ते परके वाटतात. वैयाकरणाला मात्र धातू दिसतो. या संघाचेही तसेच आहे. गोगलगाय आणि शंख यांच्यात पाद पसरून पोटाखाली आला, म्हणून तो 'उदरपाद' वर्ग. माणकी आणि अष्टपाद यांच्यात पादाचेच बाहू होऊन मस्तकाभोवती आले, म्हणून तो 'शीर्षपाद' वर्ग. तिसरीत पाद कुऱ्हाडीच्या पात्यासारखा झाला. तो चिखलात खुपसून ती खाली उतरते. कवचाची दोन झाकणे झाल्यामुळे तिचा वर्ग 'शिंपाधारी' ठरला.

हे तीन वर्ग घरोघरी परिचित. पण एकंदर वर्ग साधारणपणे आठ मानले जातात. हस्तिदंताच्या नळीसारखे कवच असलेल्यांचा एक, पाठीवर आठ ढालींची रांग असलेल्यांचा एक, आणि कवचच नसलेल्या कृमीसदृश जीवांचे दोन. उरलेल्या एका वर्गाची हकिकत नवलाची आहे. त्यातील प्राणी केवळ अश्मीभूत अवशेषांवरून ठाऊक होते. ते फार पूर्वीच नामशेष झाले अशी समजूत होती. १९५२ साली 'गॅलेथिया' या डॅनिश जहाजाच्या मोहिमेत मध्य अमेरिकेनजीक पॅसिफिक महासागराच्या साडेतीन किलोमीटर खोल तळातून त्यांचे जिवंत नमुने वर आले. या साऱ्या संघातील हयात जाती सुमारे ८०,००० वा त्याहून अधिक भरतात. कीटक आणि खेकडे ज्या संघात येतात तो सोडला, तर प्राणिसृष्टीत याहून मोठा संघ नाही.

आमच्या चुकीचे थोडे समाधान पुढे इतिहासात सापडले. ॲरिस्टॉटलनेही माणकीच्या जातीचे प्राणी एका गटात आणि शिंपलेवाले दुसऱ्या गटात घातले होते. आधुनिक वर्गीकरणाचा जनक मानला जाणारा स्वीडनचा लिनियस याने १७५८ सालच्या आपल्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत या सर्वांना 'कृमी' या एकाच मोठ्या वर्गात लोटले, आणि त्या वर्गातही कवच नसलेले एकीकडे व कवच असलेले दुसरीकडे अशी वाटणी केली. त्यामुळे माणकी जेलीमाशाच्या पंक्तीला जाऊन बसली आणि कालव तिच्यापासून दुरावले. आमच्या प्रश्नपत्रिकेने नेमके हेच केले होते! १७९५ साली फ्रान्सच्या क्यूव्हिएने हे प्राणी चिरून, त्यांच्या आतील रचनेकडे पाहून ही घडी मोडली, आणि माणकी, गोगलगाय, शिंपला यांना एका कुटुंबात आणले. बाहेरचे रूप सोडून आतले अंग पाहणे, ही त्याची रीत. मासळी साफ करणारी बाई दररोज सकाळी हेच करत असते. फरक इतकाच की ती ग्रंथ लिहीत नाही.

तथापि क्यूव्हिएही एका ठिकाणी फसला. ओहोटीच्या वेळी खडकावर कालवांच्या शेजारीच लहान लहान, पांढऱ्या, शंकूसारख्या टणक गाठी चिकटलेल्या दिसतात. त्यांना बार्नॅकल म्हणतात. होडीच्या तळाला त्या हटकून बसतात. कवच आहे, जागचे हलत नाहीत, तेव्हा तेही मृदुकायच, असे त्याला वाटले. १८३० साली आयर्लंडमध्ये असलेल्या जॉन व्हॉन टॉमसन या लष्करी डॉक्टराने बार्नॅकलच्या पिल्लांचे निरीक्षण प्रसिद्ध केले. ती पिल्ले कोळंबीच्या पिल्लांसारखी पाय मारत पोहत होती! बार्नॅकल हे कोळंबी-खेकड्यांचे सगे निघाले. एकाच खडकावर शेजारी राहणारे कालव आणि बार्नॅकल यांचे नाते नाही. आणि खोल पाण्यात धावणारी माणकी मात्र कालवाची चुलत बहीण. शेजार म्हणजे सोयरीक नव्हे, हे येथे पटते. टॉमसनने कुळ ओळखले ते बालपणावरून. कवडीचेही तसेच आहे. मोठ्या कवडीत शंखाचा पीळ दिसत नाही; कोवळ्या कवडीत तो स्पष्ट असतो, पुढे शेवटचे वेटोळे आधीच्या सर्वांना गिळून टाकते.

आता कालवाकडे वळू. संघ मृदुकाय, वर्ग शिंपाधारी, गण ऑस्ट्रिडा, कुल ऑस्ट्रिडी, असा त्याचा पत्ता आहे. कालवाला मस्तक नाही. जन्मल्यावर दोन-तीन आठवडे त्याचे सूक्ष्म पिल्लू पाण्यात पोहते. मग त्याला पाद फुटतो. त्याने चाचपडत ते खडक शोधते, चिकट द्रव्य स्रवून डावी शिंप कायमची डकवते, आणि काम संपलेला पाद नाहीसा होतो. इतर बहुतेक शिंपल्यांना शिंपा मिटणारे दोन स्नायू असतात. वाढलेल्या कालवात एकच उरतो. दिवसाकाठी कित्येक लिटर पाणी गाळून ते आपले अन्न मिळवते. अनेक जातींतील कालव प्रथम नर असते आणि पुढे मादी होते. शास्त्रज्ञही त्याची नावे बदलतात. आपल्याकडे खाल्ली जाणारी काही कालवे पूर्वी 'क्रॅसोस्ट्रिया' या प्रजातीत होती. २०१७ साली आनुवंशिक द्रव्याच्या अभ्यासावरून त्यांना 'मॅगालाना' या नव्या प्रजातीत हलवण्यात आले. वर्गीकरण हा दगडावर कोरलेला लेख नसून सुधारता येणारी उत्तरपत्रिका आहे, असेच म्हणावयाचे.

लोकभाषेत मात्र 'कालव' हे नाव अनेकांना लाभते. मोती देणाऱ्या समुद्री शिंपल्यालाही मोत्याचे कालव म्हणतात. पण त्याचे कुल वेगळे आहे. ते खडकाला सिमेंटने नव्हे, तर रेशमासारख्या धाग्यांनी धरून राहते. स्वाती नक्षत्राचा थेंब पडून मोती होतो ही कल्पना रम्य खरी. परंतु बाहेरून शिरलेला एखादा जीव किंवा प्रावाराच्याच सुटून आत गेलेल्या पेशी यांच्याभोवती थरावर थर बसून तो घडतो. ही कला केवळ समुद्राची नव्हे. आज बाजारात येणाऱ्या मोत्यांपैकी बहुसंख्य गोड्या पाण्यातील शिंपल्यांचे असतात, आणि त्यांचा तर गणही निराळा आहे.

तिसरे 'कालव' आम्हा गोवेकरांच्या विशेष जिव्हाळ्याचे. जुन्या घरांच्या खिडक्यांना काचेऐवजी बसवलेली पातळ, दुधी, अर्धपारदर्शक तावदाने पुष्कळांनी पाहिली असतील. ऊन त्यांतून चांदण्यासारखे मऊ होऊन खोलीत येते. ही तावदाने ज्याच्या शिंपांची, त्या प्राण्याचे शास्त्रीय नाव 'प्लाकुना प्लासेन्टा'. तो खडकाला चिकटत नाही. खाडीच्या चिखलावर मोकळा पडून राहतो, आणि त्याचा गण खऱ्या कालवाचाही नाही. मुरगावनजीकच्या चिखलीच्या खाडीत त्याची वस्ती आहे. २००१ साली त्याला वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूचीत स्थान मिळाले.

येथे वर्गीकरण हा विद्वानांचा विरंगुळा राहत नाही. कायद्याच्या अनुसूचीत 'शिंपला' असा मोघम शब्द चालत नाही. तेथे जातीचे नाव लागते. खाडीत उतरून शिंपले वेचणाऱ्या माणसाच्या टोपलीत तिसरी आहे की तावदानाचा शिंपला, यावर त्याचे काम निर्दोष की गुन्हा हे ठरते; आणि चिखलाखालचा तो मुका जीव राहील की जाईल हेही त्या नावावरच अवलंबून असते. ज्याला आपण निराळे नाव देत नाही, तो कमी झाला तरी आपल्याला कळत नाही. टोपली भरलेलीच दिसते. नव्या काचा बसवताना जुनी तावदाने भंगारात टाकणाऱ्यांनीही क्षणभर थांबावे, इतकी आमची विनंती.

त्या मुलीचा एक गुण आम्ही वाढवून दिला, आणि चूक आपली होती हे भर वर्गात सांगितले. मुख्याध्यापकाला ते जड जाते. लपवण्यात अर्थ नाही. मग तिच्या आईला निरोप पाठवला. एका शनिवारी ती माउली टोपली घेऊन आली. टेबलावर केळीचे पान पसरले. तिने तिसरी उघडली, कालव फोडले, माणकीच्या पाठीतून ती पारदर्शक पट्टी अलगद ओढली आणि मुलांच्या हाती दिली. आम्ही देवघरातून नेलेला शंख आणि समुद्रफेनाची वडी त्याशेजारी ठेवली.

"ही सगळी एका घरची माणसे," ती मुलांना म्हणाली, "राहायची तऱ्हा तेवढी वेगळी."

त्या तासाला आम्ही मागच्या बाकावर बसलो होतो.