रानडे, मावळे आणि जमिनीचा भाव

१८९२ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी भारतीय अर्थशास्त्रावर व्याख्यान दिलं. इंग्लंडातून आलेल्या अर्थशास्त्राची गृहीतकं त्यांनी एकेक करून तपासली. माणूस फक्त स्वतःच्या लाभाचा हिशेब करतो, स्पर्धा मोकळी असते, जिथे मोबदला जास्त तिथे भांडवल आणि मजूर आपोआप सरकतात, ही ती गृहीतकं. आपल्याकडे यातलं फारसं काही खरं नाही, असं रानड्यांचं म्हणणं होतं. इथे माणसाची जागा करारापेक्षा कुळावरून आणि जातीवरून ठरते, आणि मजूर गाव सोडून सहजी उठत नाही. जर्मनीच्या फ्रीडरिश लिस्ट यांचा आणि तिथल्या ऐतिहासिक संप्रदायाचा आधार घेऊन त्यांनी सांगितलं, की अर्थशास्त्राचे नियम देश आणि काळ पाहूनच लावावे लागतात. मुख्य प्रवाहातल्या अर्थशास्त्राची पुण्यात झालेली ही पहिली मोठी चिकित्सा आजही वाचायला हवी.

तिची कसोटी लागली ती पुण्याच्या पश्चिमेला, मुळशी पेट्यात. मुळा आणि निळा नद्यांच्या संगमाजवळ टाटांच्या वीज कंपनीने धरण बांधायला घेतलं होतं. अडवलेलं पाणी सह्याद्रीच्या कड्यावरून कोकणात भिऱ्याला सोडायचं, तिथे वीज करायची आणि ती मुंबईच्या गिरण्यांना द्यायची, अशी योजना. पन्नासच्या आसपास गावं आणि दहा-अकरा हजार माणसं पाण्याखाली जाणार होती. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीला, बाराशे मावळे धरणाच्या कामावर जाऊन बसले. 'जान किंवा जमीन' ही त्यांची घोषणा. पुढे पांडुरंग महादेव बापट या लढ्याचे नेते झाले आणि लोक त्यांना सेनापती म्हणू लागले. गांधीजींनी 'यंग इंडिया'तून पाठिंबा दिला. काम काही महिने थांबलं, मग सरकारने भूसंपादन कायदा पुढे केला. डिसेंबर १९२४ मध्ये बापटांनी धरणाच्या कामाची रेल्वे अडवली, त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली आणि लढा संपला. राजेंद्र व्होरा यांनी आपल्या अभ्यासात याला जगातलं पहिलं धरणविरोधी आंदोलन म्हटलं आहे.

या लढ्याकडे आपण देशभक्तीची किंवा मातीच्या ओढीची गोष्ट म्हणून पाहतो. मला त्यात पक्का आर्थिक युक्तिवाद दिसतो, आणि तो कधी नीट ऐकला गेला नाही याचं वाईट वाटतं.

१८९४ चा कायदा बाजारभाव देत होता, वर सक्तीपोटी पंधरा टक्के. पण बाजारभाव म्हणजे काय? ज्याला विकायचं आहे त्याने मान्य केलेला भाव. ज्याने आजवर विकलं नाही, त्याच्या लेखी त्या जमिनीची किंमत त्याहून जास्तच असणार; नाहीतर त्याने कधीच विकली असती. एवढी गोष्ट पाठ्यपुस्तकातल्या अर्थशास्त्रालाही मान्य आहे. शिवाय मावळातलं भातखाचर एकटं उभं नसतं. राब भाजायला रानातला पालापाचोळा आणि फांद्या लागतात, गुरांना गायरान लागतं, उतारावरच्या वरकस जमिनीवर नाचणी-वरई निघते, आवणीला एकमेकांचे हात लागतात. आंबेमोहोर पिकतो तो या सगळ्या व्यवस्थेतून. कागदावर फक्त खाचराचा तुकडा मोजला, तर बाकीच्याची किंमत शून्य धरली जाते. पैसे घेऊन दुसरीकडे जमीन घ्या, असं सांगणारा माणूस रानड्यांनी खोडलेलं गृहीतकच पुन्हा उच्चारत होता.

त्यातही पैसे मिळणार होते ते सातबाऱ्यावर ज्याचं नाव त्याला. पेट्यातल्या बऱ्याच जमिनी पुण्याच्या सावकारांकडे गेल्या होत्या आणि कसणारी कुळं वेगळी होती. सावकारांना चांगला दर मिळाला की पुरे होतं. कुळाचा तर रोजगार, घर आणि गाव एकदम जाणार होतं, आणि मोबदल्याच्या हिशेबात त्याला जागाच नव्हती. लढ्यात फूट पडली ती इथेच.

पुढे १९३९ मध्ये निकोलस काल्डोर आणि जॉन हिक्स यांनी असा निकष मांडला, की लाभ झालेले लोक तोटा झालेल्यांची भरपाई करू शकतील इतका फायदा असेल, तर योजना योग्य. भरपाई खरोखर दिली पाहिजे असं मात्र तो निकष म्हणत नाही. अमर्त्य सेन यांची हरकत नेमकी इथे आहे: भरपाई देणार असाल तर या निकषाची गरजच काय, आणि देणार नसाल तर बुडालेल्या गरिबाला त्याचा उपयोग काय? जगभरच्या धरणांचे लाभ-खर्चाचे तक्ते मात्र याच विचारावर बेतले गेले.

जमीन ही विक्रीसाठी तयार केलेली वस्तू नाही, तिला तसं मानणं ही कल्पित गोष्ट आहे, असं कार्ल पोलान्यी यांनी १९४४ मध्ये लिहिलं. सामायिक रानं आणि पाणी गावकरी स्वतःचे नियम करून नीट सांभाळू शकतात, हे एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी दाखवलं आणि २००९ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. त्याच्या कितीतरी आधी, सत्तरच्या दशकात, माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक सह्याद्रीतल्या देवरायांचा अभ्यास करत होते. माधवराव हे सहकाराचे अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ यांचे चिरंजीव. वडिलांनी बाजाराला सहकाराचा पर्याय शोधला, मुलाने निसर्गाचा हिशेब मांडला. पुण्याची ही परंपरा मला फार मोलाची वाटते.

दुसरी बाजूही भक्कम आहे. डॉ. आंबेडकरांनी १९१८ मध्ये शेतीच्या लहान तुकड्यांवर लिहिताना दाखवून दिलं होतं, की शेतीवर माणसांचा भार जास्त आहे आणि उद्योग वाढल्याशिवाय तो हलका होणार नाही. वीज नको, गिरण्या नकोत, असं म्हणून तो प्रश्न सुटत नाही. पण उद्योगाची किंमत कुणी मोजायची, हे त्यातून ठरत नाही.

महाराष्ट्राने १९७६ मध्ये प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा केला. २०१३ च्या केंद्रीय कायद्याने खासगी कंपनीसाठी ८० टक्के बाधित कुटुंबांची संमती आणि सामाजिक परिणामांची पाहणी सक्तीची केली, आणि कुळं व शेतमजूर यांनाही बाधितांत धरलं. मुळशीच्या कुळाला हे नव्वद वर्षं उशिरा मिळालं. नदीचा हिशेब तर अजून बाकीच आहे. मुळेचं हे पाणी मुळात पुण्यावरून भीमेत, तिथून उजनीला आणि सोलापूरकडे जायचं. आज ते भिऱ्याला वीज करून कुंडलिकेतून अरबी समुद्राला मिळतं. ते पुन्हा पूर्वेकडे वळवावं, अशी मागणी दुष्काळी तालुके करत आहेत. त्या मागणीचा विचार करताना एका युनिट विजेसमोर माण-सांगोल्याच्या एका शेताचं पाणी कोणत्या दराने धरायचं, हे आधी ठरवावं लागेल, आणि तो दर बाजारात मिळणार नाही.