ताटं मोजा, पण ताट कापू नका

मित्रांनो, लग्नाचं नियोजन फसल्याचं सगळ्यात जुनं उदाहरण आमच्याच भागातलं आहे. अंबाजोगाईच्या योगेश्वरीचं लग्न परळीच्या वैजनाथाशी ठरलं होतं म्हणे. वऱ्हाड निघालं, पण वाटेत उशीर झाला आणि मुहूर्त टळला. देवी कुमारी राहिली आणि वऱ्हाडी जागच्या जागी दगड झाले. अंबाजोगाईच्या हत्तीखान्यातल्या दगडी मूर्ती दाखवून आजही म्हातारी माणसं ही गोष्ट सांगतात. परळी ते अंबाजोगाई अंतर पंचवीसेक किलोमीटर! देवांचं जिथे गणित चुकलं, तिथे आपली काय कथा?

मी धर्मापुरीचा. चालुक्यकालीन केदारेश्वराचं कोरीव मंदिर आणि भुईकोट किल्ला असलेलं हे बीड जिल्ह्यातलं गाव. गेल्या उन्हाळ्यात ताईचं लग्न ठरलं आणि दादांनी (आमच्याकडे वडिलांना दादा म्हणतात) मला होस्टेलवर फोन केला, "तू इंजिनिअर होणार ना? मग ये आणि हिशोब धर." सहा सेमिस्टरमध्ये पहिल्यांदाच घरच्यांनी माझ्या शिक्षणाचा उपयोग करायचं ठरवलं होतं. एस्टिमेशनच्या पेपरात मला काठावर मार्क आहेत हे मी त्यांना सांगितलं नाही.

होस्टेलवर निम्मी मुलं अशी आहेत की ज्यांच्या घरी येत्या दोन-तीन वर्षांत बहिणीचं नाहीतर स्वतःचं लग्न निघणार आहे. म्हणून मी काय शिकलो ते लिहितो.

पाहुणे : पत्रिका म्हणजे माणूस नव्हे

दादा म्हणाले, साडेतीनशे पत्रिका छापू. मी लगेच गणित केलं, एका पत्रिकेला दोन माणसं, म्हणजे सातशे ताटं. चुलते हसायला लागले. म्हणाले, "आरं, आपल्यात आवतन तीन तऱ्हेचं असतंय."

ते तीन प्रकार असे. पहिलं चूलबंद आवतन, म्हणजे त्या दिवशी त्या घरची चूल पेटवायची नाही, लेकराबाळांसकट सगळ्यांनी जेवायला यायचं. दुसरं जोडीचं, नवरा-बायकोला. तिसरं एका माणसाचं. पत्रिकेवर सगळीकडे 'सहकुटुंब सहपरिवार' हेच छापलेलं असतं. फरक सांगणाऱ्याच्या तोंडात असतो.

मग आम्ही वहीत तीन रकाने पाडले. भावकी आणि जवळचे सोयरे अशी ६० घरं चूलबंद, घरटी ६ माणसं धरून ३६०. जोडीची आवतनं १२०, म्हणजे २४०. एका माणसाची १७०. झाले ७७०. नवरदेवाकडचं वऱ्हाड २५०. बँडवाले, मांडववाले, गाड्यांचे ड्रायव्हर, वाढपी मिळून ५०. बेरीज १,०७०. त्यावर १० टक्के वाढीव धरले. आपण अंदाजपत्रकात कंटिंजन्सी धरतो तसेच. आकडा आला सुमारे १,१८०. म्हणजे एका पत्रिकेमागे तीनपेक्षा जास्त ताटं! माझा पहिला अंदाज पावणेपाचशे माणसांनी चुकला होता. एवढी माणसं उपाशी परत गेली असती, तर गावात पुढची वीस वर्षं तेच ऐकावं लागलं असतं.

तारीख : पंचांग आणि ऊस

मुहूर्त पंचांगात असतात हे सगळ्यांना माहीत आहे. तुळशीच्या लग्नापासून आषाढी एकादशीपर्यंत हंगाम. त्यातही गुरू-शुक्राचा अस्त किंवा अधिक मास आला की मुहूर्त कमी होतात. २०२४ सालच्या मे-जूनमध्ये तेच झालं होतं आणि कित्येकांनी काढीव मुहूर्तावर लग्नं लावली.

पण आमच्या जिल्ह्यात पंचांगाच्या जोडीला साखर कारखाना पाहावा लागतो. दसरा-दिवाळीच्या सुमाराला ऊसतोड कामगार पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात आणि कारखान्याचा हंगाम संपला, म्हणजे पट्टा पडला, की परततात. नात्यातली निम्मी माणसं फडात असताना लग्न लावून कसं चालेल? म्हणून आमच्याकडची लग्नं एप्रिल-मेमध्ये येतात. तेव्हाच ऊन चाळिशीपार असतं आणि पाणी तळाला गेलेलं असतं. २०१६ च्या एप्रिलमध्ये शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं होतं, हे विसरू नका.

पाण्याचं गणित सोपं आहे, पण करतं कोण? पिणं, स्वयंपाक, हात धुणं, भांडी मिळून माणशी ५ लिटर धरलं तर १,१८० माणसांना जवळपास ६,००० लिटर लागतात. आमच्याकडच्या ट्रॅक्टरच्या टाकीत ५,००० बसतं. म्हणजे दोन खेपा, आणि दुसरी खेप मुहूर्ताच्या आधी येऊन उभी राहिली पाहिजे.

जागा : इथे खरा खर्च ठरतो

आमच्यासमोर दोन पर्याय होते. गावात शाळेचं मैदान (उन्हाळ्याच्या सुट्टीत मोकळं असतं) किंवा तालुक्याच्या गावचं मंगल कार्यालय. माझ्या मित्राने केदारेश्वरासमोर लग्न लावायचं सुचवलं, फोटो झकास येतील म्हणून. पण शेकडो वर्षांच्या कोरीव दगडांशेजारी मांडवाचे खांब ठोकायचे आणि चुलाणं पेटवायची, हे स्थापत्यच्या विद्यार्थ्याला तरी शोभत नाही. तिथे फक्त दर्शनाला जायचं ठरलं.

कार्यालयात सगळं आयतं मिळतं, पंखे, पाणी, खोल्या. पण तिथला केटरर ताटाला २५० रुपये म्हणाला. गावात आचारी लावून, किराणा स्वतः आणून, वरण-भात, पुरी, वांग्याची भाजी आणि बुंदी असं ताट आम्हाला १२० रुपयांत पडत होतं. १,१८० ताटांना गुणा. २,९५,००० विरुद्ध १,४१,६००! शिवाय अख्खं गाव न्यायला गाड्या करायच्या त्या वेगळ्याच. आम्ही शाळेचं मैदान घेतलं.

आता पंगतीचं गणित. मांडवात एका वेळी २०० माणसं बसतात. एक पंगत बसून, उठून, जागा साफ होऊन अर्धा तास. १,१८० माणसांना सहा पंगती, म्हणजे तीन तास. दुपारी साडेबाराच्या अक्षता पडल्या तर शेवटचा माणूस तीनला जेवायला बसणार, आणि तो बहुतेक गावातला सगळ्यात गरीब माणूस असणार, कारण पुढे घुसायला मान लागतो. आपल्या मेसमध्ये एक वाजता काय होतं ते आठवा. उपाय मेसचाच केला. बायकांची आणि पुरुषांची पंगत दोन वेगळ्या मांडवांत एकाच वेळी बसवली. सहाच्या तीन फेऱ्या झाल्या आणि तीन तासांचे दीड.

बजेट : कात्री कुठे लावायची?

आता मुद्द्याचं. पहिलं अंदाजपत्रक असं होतं. जेवण १,४२,०००. मांडव, खुर्च्या, वीज, भटजी ७०,०००. दोन्हीकडचा बस्ता ९०,०००. आहेर, टोपी-टॉवेल, मानपान ६०,०००. बँड, डीजे, वरात ५५,०००. वेगळा साखरपुडा ६०,०००. दागिने १,६०,०००. पत्रिका, गाड्या, फोटो ४५,०००. एकूण ६,८२,००० रुपये. दादांजवळ होते ४ लाख. राहिलेल्या २,८२,००० साठी त्यांनी एक एकर गहाण टाकायचं मनात धरलं होतं. कुणाकडे, ते त्यांनी सांगितलं नाही, पण बँकेकडे नव्हे एवढं मला कळलं.

मी शहाणपणा केला. म्हणालो, पाहुणे कमी करू, ९०० वर आणू. पुण्या-मुंबईच्या लग्नात हाच सल्ला देतात आणि तिथे तो बरोबरही आहे, कारण तिथे ताटाचा दरच मोठा असतो. पण आमच्या वहीत २८० ताटं कापून वाचत होते फक्त ३३,६००. आणि त्यासाठी चाळीस-पन्नास घरं तोडायची! जी माणसं रात्री-अपरात्री दवाखान्यात न्यायला जीप काढतात, आग लागली तर घागर घेऊन धावतात, त्यांना आवतन नाही म्हणायचं. दादा एवढंच म्हणाले, "ते लोक जेवायला येत न्हाईत, उभं राहायला येतेत."

२०२१ च्या एप्रिलमध्ये कोरोनामुळे आपल्या राज्यात लग्नाला २५ माणसं आणि दोन तास एवढीच परवानगी होती. तेव्हाची लग्नंही लागलीच. खर्च वाचला, पण कित्येक घरांनी नंतर गावजेवण घातलं. कशासाठी, ते मला ही वही लिहिताना कळलं.

मग कात्री कुठे लावायची? वहीत पुन्हा पाहिलं. ताटं सोडून उरलेले पाच लाखांवर रुपये जेवायला येणाऱ्यांसाठी नव्हतेच, बघणाऱ्यांसाठी होते. वेगळा साखरपुडा रद्द करून तो हळदीच्या दिवशीच घरात उरकायचा, ६०,००० वाचले. (आमच्याकडे तर साखरपुड्यातच लग्न लावून मोकळे होणारेही पुष्कळ आहेत.) 'आहेर आणू नये, दिला जाणार नाही' असं पत्रिकेवर छापायचं, ४५,०००. डीजे नाही, गावचा बँड, ३५,०००. तसंही रात्री दहानंतर लाऊडस्पीकरला २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे बंदीच आहे. बस्ता ज्याचा त्याने करायचा, ४५,०००. अल्बम आणि ड्रोन नको, १५,०००. बेरीज बरोबर दोन लाख, आणि एकही ताट कमी नाही!

कागदावर सोपं होतं. पण नवरदेवाकडची मंडळी बैठकीत म्हणाली होती, "आम्हाला काही नको, फक्त लग्न दणक्यात करून द्या." मित्रांनो, हे वाक्य तुमच्याही घरी येईल. १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याने हुंडा देणं आणि घेणं दोन्ही गुन्हा आहे. शिक्षा किमान पाच वर्षं. 'दणक्यात' हा शब्द त्या कायद्याच्या व्याख्येत बसतो की नाही ते वकील सांगतील. बापाच्या वहीत मात्र तो त्याच रकान्यात बसतो.

दादा बोलायला तयार नव्हते. मुलीचा बाप कसा बोलणार? शेवटी ताईने वही मागून घेतली, रात्री पाहिली आणि दुसऱ्या दिवशी स्वतः होणाऱ्या दाजींना फोन लावला. ती म्हणाली, "तुमच्या डीजेचे पैसे आमच्या शेतातून येणारेत. ते शेत मला माहेर म्हणून पाहिजे." पलीकडून बराच वेळ आवाज आला नाही. मग दाजी म्हणाले, "घरी बोलतो." दोन दिवस आमच्या घरात कुणी नीट जेवलं नाही. लग्न मोडलं तर त्याचा दोष माझ्या वहीवर आला असता. तिसऱ्या दिवशी निरोप आला, बँड चालेल, बस्ता आमचा आम्ही करू. त्यांच्याकडचे एक काका रुसले. ते अजून रुसलेलेच आहेत.

खर्च आला ४,८२,०००. कमी पडलेले ८२,००० चुलते आणि मामांनी बिनव्याजी दिले. शेत शाबूत राहिलं, आणि माझ्या पुढच्या वर्षाची फीसुद्धा.

लग्नानंतरचा एक कागद

आपल्या राज्याच्या १९९८ च्या कायद्याप्रमाणे लग्न झाल्यापासून ९० दिवसांत नोंदणी करायची असते. तीन साक्षीदार लागतात आणि गावात हे काम ग्रामपंचायतीत होतं. वयाचे दाखले आधीच काढून ठेवा. मुलगी १८ आणि मुलगा २१ पूर्ण पाहिजे. ऊसतोडीत नवरा-बायकोच्या जोडीला 'एक कोयता' म्हणतात आणि कोयता पुरा करायला आमच्या जिल्ह्यात आजही लहान मुलींची लग्नं उरकली जातात. अशा लग्नाचं आवतन आलं तर जेवायला जाऊ नका, १०९८ वर फोन करा.

काटकसरीचं लग्न म्हणजे हलकं लग्न, असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी एक आठवण. २५ डिसेंबर १८७३ रोजी महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक समाजाने पहिलं लग्न भटजीशिवाय आणि अगदी थोडक्या खर्चात लावून दिलं. दीडशे वर्षं झाली आणि आपण अजून डीजेवर अडलोय!

राहिलेलं

शेवटी किती माणसं जेवली? पत्रावळ्यांवरून मोजलं तर १,२४०. दोन कारखान्यांचे पट्टे लवकर पडले आणि माझ्या यादीत नसलेले पाहुणे फडातून थेट मांडवात आले. शेवटच्या पंगतीला बुंदी संपली. वरण-भात पुरला. त्या पंगतीत मीच वाढायला होतो, आणि एक म्हातारे आजोबा म्हणाले, "गोड न्हाई तर न्हाई, वरण वाढ."

तेव्हा मित्रांनो, घरी लग्न निघालं की पत्रिका छापायच्या आधी वडिलांशेजारी वही घेऊन बसा. किती ताटं, एक ताट कितीला, आणि उरलेला पैसा कोणाला दाखवण्यासाठी, हे तीनच प्रश्न विचारा. तिसऱ्या प्रश्नाला घरात शांतता पसरेल. पसरू द्या. आणि १० टक्के वाढीव धरलेत तर १५ धरा.

— तृतीय वर्ष, स्थापत्य अभियांत्रिकी