फ्लॉवरचं गणित पाऱ्यावर

संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेच्या तक्त्यात फ्लॉवर आणि ब्रोकोली एकाच ओळीत मोजले जातात. या ओळीची वर्षाची बेरीज सुमारे 2.5 कोटी टन. त्यातला 70 टक्क्यांहून जास्त माल चीन आणि भारत हे दोनच देश पिकवतात. भारताचं उत्पादन 90 लाख टनांच्या आसपास, आणि ते जवळपास सगळं फ्लॉवरचंच.

थंड हवेची ही भाजी आपल्याकडे आली 1822 मध्ये. सहारनपूरच्या कंपनीबागेची जबाबदारी सांभाळणाऱ्या डॉ. जेमसन यांनी लंडनच्या क्यू उद्यानातून तिचं बी आणलं. इंग्लंडच्या गारव्यात वाढलेली ही झाडं उत्तर भारताच्या दमट उकाड्यात मार खाणारच होती. त्यातही जी तगली, ज्यांनी लवकर गड्डा धरला, त्यांचं बी स्थानिक शेतकऱ्यांनी पिढ्यान् पिढ्या राखून ठेवलं. त्यातून उष्णता सोसणारा खास भारतीय फ्लॉवर उभा राहिला. आजच्या पिकाचा पाया त्या निनावी निवडीतच आहे, आणि तिचं श्रेय फार क्वचित दिलं जातं.

पुढे दिल्लीच्या पुसा संस्थेनं आणि कृषी विद्यापीठांनी ही निवड शास्त्रशुद्ध केली. सप्टेंबर-ऑक्टोबरला निघणारे लवकरचे वाण 20 ते 27 अंशांतही गड्डा धरतात. ‘स्नोबॉल’ गटातल्या उशिराच्या वाणांना मात्र 10 ते 16 अंशांचा गारवा लागतो. इथे चूक परवडत नाही. लवकरचा वाण थंडीत लावला, तर रोप पुरतं वाढण्याआधीच लिंबाएवढा गड्डा धरून बसतं. शेतकरी याला ‘बटनिंग’ म्हणतात. थंडीचा वाण उकाड्यात लावला, तर नुसता पालाच वाढतो. गड्डा धरल्यावरही काम संपत नाही. उन्हानं तो पिवळा पडू नये म्हणून मजूर ओळीओळीनं वाकून आतली पानं त्यावर दुमडतात किंवा बांधतात. बाजारात दिसणारा पांढराशुभ्र रंग या मेहनतीचा असतो.

या शतकाच्या सुरुवातीला देशाचं उत्पादन 50 लाख टनांच्या घरात होतं. ते वाढलं, पण हेक्टरी उतारा 18-19 टनांच्या आसपासच घुटमळत राहिला. वाढलं ते मुख्यतः क्षेत्र: 3 लाख हेक्टरांच्या आतून साडेचार लाखांच्या पुढे. पश्चिम बंगाल यात सर्वांत पुढे. बिहार, मध्य प्रदेश, गुजरात, हरियाणाही मोठे उत्पादक. आपल्याकडे जुन्नर-आंबेगावच्या पट्ट्यात हे पीक ओळखीचं. हिमाचलात ठियोगच्या उंचीवर ते उन्हाळ्यात निघतं, तेव्हा मैदानात त्याची टंचाई असते आणि भाव चांगला मिळतो.

मैदानातल्या शेतकऱ्याला ही सवड नाही. थंडी पडली की सगळ्यांचे गड्डे एकदमच तयार होतात. कापणी चार दिवस लांबवली, तर गड्डा सैल पडतो, रवाळ होतो. डिसेंबर 2020 मध्ये बिहारच्या समस्तीपूर जिल्ह्यात किलोला एक रुपया भाव मिळत असल्यानं एका शेतकऱ्यानं उभ्या फ्लॉवरवर ट्रॅक्टर फिरवला. अशा वेळी शेतकऱ्याला ‘दुसरं पीक घ्या’ असा सल्ला देणं सोपं असतं. पण काढणी, वाहतूक आणि आडत यांचा खर्चही निघत नसेल, तर चूक एकट्या त्याची कशी म्हणायची? शून्य अंशाजवळच्या दमट शीतगृहात फ्लॉवर तीन-चार आठवडे टिकतो. गावाजवळ अशी सोय असती, तर त्याला थांबता आलं असतं.

ब्रोकोली तर याहून नाजूक. तिचा हिरवा गड्डा म्हणजे तयार कळ्यांचा झुबका. उबेत एक-दोन दिवस राहिली तरी कळ्या पिवळ्या पडून उमलू लागतात. म्हणूनच कॅलिफोर्नियाच्या सलिनास खोऱ्यातून ती वर्षानुवर्षं बर्फाचा चुरा भरलेल्या खोक्यांतून दूरच्या बाजारात जात आली आहे. भारतात ‘पुसा केटीएस-1’, ‘पालम समृद्धी’ असे वाण आहेत, हिमाचल आणि निलगिरीत लागवडही होते. पण साध्या टेम्पोत रात्रभर प्रवास करून सकाळी बाजारात उतरणाऱ्या मालात ब्रोकोलीचं नुकसान फ्लॉवरहून आधी दिसतं, आणि ते सोसण्याइतका भाव तिला आजही मुख्यतः मोठ्या शहरांतच मिळतो.