गांधीजींच्या नावाने फिरणारं 'ते' वाक्य नेमकं आलं कुठून?

२ ऑक्टोबर जवळ आला की व्हॉट्सअ‍ॅप स्टेटसवर एक वाक्य हमखास दिसतं. जगात जो बदल बघायचाय, तो आधी स्वतः व्हा, असं सांगणारं. मागे गांधीजींचा गोल चष्मा, खाली त्यांचं नाव.

गांधीजींचं लेखन आणि भाषणं इंग्रजीत १०० खंडांमध्ये संकलित झाली आहेत. पण त्यात हे वाक्य या शब्दांत सापडत नाही.

मग ते आलं कुठून?

त्याच्या जवळ जाणारा मजकूर सापडतो १९१३ मध्ये. गांधीजी तेव्हा दक्षिण आफ्रिकेत होते आणि 'इंडियन ओपिनियन' या साप्ताहिकात आरोग्यावर गुजरातीतून लेखमाला लिहीत होते. त्यातला एक लेख होता सर्पदंशावर! मनात द्वेष नसेल तर प्राणीही आपल्याशी वेगळं वागतात, असा त्यांचा मुद्दा होता. त्या ओघात ते लिहितात की बाहेरच्या जगातल्या प्रवृत्ती आपल्यातही असतात. आपण बदललो तर जगाचं आपल्याशी वागणंही बदलतं. आजचं सुटसुटीत वाक्य मात्र १९७० च्या दशकात ब्रुकलिनमधल्या शिक्षिका आर्लीन लॉरन्स यांच्या लेखनात दिसतं. गांधीजींचं नाव त्याला नंतर चिकटलं.

अर्थ तर तोच आहे, मग बिघडलं कुठे?

इथेच खरी गोम आहे. स्टेटसवरचं वाक्य वाचून वाटतं, आपण आपलं चांगलं वागावं, बाकी जग आपोआप सुधारेल. पण त्याच १९१३ सालच्या नोव्हेंबरमध्ये गांधीजी दोन हजारांहून जास्त भारतीय मजूर आणि त्यांच्या बायकामुलांना घेऊन ट्रान्सवालच्या हद्दीत चालत शिरले. परवान्याशिवाय हद्द ओलांडणं गुन्हा होता, आणि तो त्यांना करायचाच होता. करार संपलेल्या मजुरांवरचा तीन पौंडांचा कर रद्द व्हावा ही मागणी होती. गांधीजींना अटक झाली, पुढच्या वर्षी कर गेला. स्वतःला बदलणं आणि सरकारशी भिडणं, त्यांच्यासाठी ही दोन वेगळी कामं नव्हती. स्टेटसवर फक्त पहिलं उरलं, कारण ते कुणालाच टोचत नाही.

व्हॉल्टेअरची गोष्ट थोडी वेगळी. तुमचं म्हणणं मला पटत नाही, पण ते मांडण्याच्या तुमच्या हक्कासाठी मी प्राण पणाला लावीन, या आशयाचं वाक्य त्याच्या नावावर आहे. ते लिहिलं एव्हलिन बिएट्रिस हॉल यांनी, टोपणनावाने छापलेल्या १९०६ च्या पुस्तकात. व्हॉल्टेअरची भूमिका त्या आपल्या शब्दांत सांगत होत्या, पण वाक्य अवतरणचिन्हांत छापलं गेलं. इथे शब्द उसने असले तरी माणूस बदललेला नाही.

आणि आपल्या घरातलं उदाहरण? 'शिका, संघटित व्हा, संघर्ष करा.' डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा हा संदेश महाराष्ट्रात भिंतीभिंतींवर आहे. पण जुलै १९४२ मध्ये नागपूरच्या परिषदेतल्या भाषणाच्या इंग्रजी नोंदीत क्रम 'एज्युकेट, अ‍ॅजिटेट, ऑर्गनाइझ' असा आहे. म्हणजे 'अ‍ॅजिटेट' मधे, शेवटी नाही. काही अभ्यासकांच्या मते इथे 'अ‍ॅजिटेट' म्हणजे रस्त्यावरची लढाई नव्हे, तर आधी मन आणि विचार ढवळून काढणं. तसं असेल तर आधी अस्वस्थ व्हायचं आणि मग एकत्र यायचं, असा अर्थ होतो. मराठी घोषणेत एकत्र येणं आधी आहे. तीन शब्दांचा क्रम बदलला, पण कार्यकर्त्याने सुरुवात कुठून करायची याचं उत्तरच बदललं.

एखादं वाक्य आवडलं आणि तपासायचं असेल, तर ते फार अवघड नाही. त्याच्याखाली साल, पुस्तक किंवा भाषणाचं ठिकाण आहे का ते बघा. नुसतं नाव आणि फोटो असेल तर शंका घ्यायला हरकत नाही. विकीकोटवर अनेक थोरांच्या पानावर चुकीने नावावर खपवलेल्या वाक्यांचा वेगळा विभाग असतो. गांधीजींचे खंड ऑनलाइन मोफत आहेत. बाबासाहेबांचं लेखन आणि भाषणं महाराष्ट्र शासनाने खंडांमध्ये छापली आहेत, त्यांच्या पीडीएफही मिळतात.

वाक्य सापडलं, की त्याच्या आधीचं आणि नंतरचं पानही वाचून बघा. सर्पदंशाचा तो लेख तसाही वाचण्यासारखा आहे. फक्त साप चावल्यावर त्यातले उपाय करू नका, सरळ दवाखाना गाठा.