मेंढ्यांच्या कुरणातला जगज्जेता

कुस्तीचा किंवा कबड्डीचा विषय निघाला की आपल्या पारावरची माणसे लगेच सरसावून बसतात. आज मात्र एका निराळ्या खेळातल्या माणसाची ओळख तुम्हांला करून द्यायची आहे. खेळ रग्बी, देश न्यूझीलंड आणि माणूस शेतकरी. नाव ब्रायन लॉकोर. ते देशाच्या संघाचे कर्णधार झाले आणि पुढे प्रशिक्षक म्हणून त्यांनी देशाला पहिला विश्वचषक मिळवून दिला. हे सारे त्यांनी शेती सांभाळून केले, हे विशेष!

आधी खेळ समजून घेऊ. रग्बीत एका बाजूला पंधरा गडी असतात. चेंडू लांबट, पपईसारखा. तो हातात घेऊन पळायचे आणि प्रतिपक्षाच्या रेषेपलीकडे जमिनीला टेकवायचा. गंमत अशी, की हाताने चेंडू पुढे फेकता येत नाही, मागच्या साथीदाराकडेच द्यावा लागतो. म्हणजे एकटा कितीही जोरात धावला, तरी मागे माणसे नसतील तर त्याचा उपयोग शून्य. मधूनमधून दोन्ही बाजूंचे आठ-आठ गडी खांद्याला खांदा भिडवून एकमेकांना रेटतात. या रेट्यात सर्वांत मागे जो आठवा गडी असतो, ती लॉकोर यांची जागा. पुढच्यांना नेट द्यायचा आणि चेंडू निसटू द्यायचा नाही, हे त्याचे काम.

लॉकोर यांचा जन्म ३ सप्टेंबर १९४० चा, वायरारापा भागातल्या मास्टरटन गावचा. राजधानी वेलिंग्टनच्या ईशान्येला डोंगर ओलांडला की हा मेंढपाळीचा मुलूख लागतो. न्यूझीलंडमध्ये मेंढी म्हणजे आपल्याकडचा ऊस आणि कापूसच म्हणा ना! १९८२ साली तिथे माणसे बत्तीस लाखांच्या आसपास, तर मेंढ्या सुमारे सात कोटी होत्या. लोकर आणि मांस यांवर घरे चालत.

१९६३ साली लॉकोर यांची देशाच्या संघात निवड झाली. काळा पोशाख घालणाऱ्या या संघाला ‘ऑल ब्लॅक्स’ म्हणतात. त्या वर्षीचा ब्रिटन-फ्रान्सचा दौरा छत्तीस सामन्यांचा, चार महिने चाललेला. त्या काळी या खेळात मानधन घ्यायला बंदी होती. ती १९९५ साली उठली. तोवर देशासाठी खेळणारा गडी पोटासाठी आपला धंदा करी. तिकडचा उन्हाळा आपल्या हिवाळ्यात येतो. म्हणजे ऐन लोकर कातरण्याच्या आणि गवत साठवण्याच्या दिवसांत घरचा कर्ता माणूस सातासमुद्रापार! मैदानावर एकाचे नाव होते, पण त्याच्या मागे घरात कोणीतरी दुप्पट राबत असते, हे आपल्या मायबहिणींना वेगळे सांगायला नको.

१९६६ साली प्रशिक्षक फ्रेड अॅलन यांनी लॉकोर यांना कर्णधार केले. संघात त्यांच्याहून जुने, नावाजलेले खेळाडू होते. कॉलिन मीड्स हा तर देशाचा लाडका गडी, आणि तोही शेतकरीच. पण या शांत माणसाने सर्वांना बरोबर घेतले. त्या वर्षी ब्रिटिश लायन्स संघाला त्यांनी चारही कसोटींत हरवले. १९६७ च्या दौऱ्यात संघाने एकही सामना गमावला नाही. मात्र त्या दौऱ्यातला आयर्लंडचा भाग रद्द करावा लागला. कारण ऐकून नवल वाटेल: इंग्लंडात लाळ्या-खुरकुताची साथ आली होती आणि पाहुण्यांबरोबर ती आपल्या गोठ्यात येऊ नये, म्हणून आयर्लंडने खबरदारी घेतली. एकूण १८ कसोटींत लॉकोर कर्णधार होते. त्यांतल्या १५ जिंकल्या. हरलेल्या तिन्ही १९७० साली दक्षिण आफ्रिकेत.

त्यानंतर ते निवृत्त होऊन शेतीत रमले. पण १९७१ साली लायन्सविरुद्धच्या तिसऱ्या कसोटीआधी खेळाडू जायबंदी झाले आणि त्यांना अचानक बोलावणे आले. पत्नी घरी नव्हती. कसोटी खेळायला वेलिंग्टनला जातो आहे, अशी चिठ्ठी ठेवून ते निघाले, हा किस्सा तिकडे आजही सांगतात. तो सामना संघ हरला. पण अडीअडचणीला हाक आली की जायचे, हा माणसाचा पिंड.

पुढे १९८० ते १९८२ या काळात ते आपल्याच वायरारापा-बुश संघाचे प्रशिक्षक झाले. खेड्यापाड्यांतला हा लहान संघ त्यांनी खालच्या गटातून वरच्या गटात नेला. १९८५ साली देशाच्या संघाची जबाबदारी त्यांच्याकडे आली आणि खरी कसोटी तिथून सुरू झाली.

दक्षिण आफ्रिकेत तेव्हा वर्णद्वेषाचे राज्य होते. त्यांच्याशी खेळावे की नाही, यावरून १९८१ साली न्यूझीलंडमध्ये घराघरांत फूट पडली होती. १९८५ चा तिकडचा दौरा न्यायालयाच्या मनाई हुकुमामुळे थांबला. तरीही १९८६ साली बहुतेक नामवंत खेळाडू परवानगीवाचून तिकडे खेळायला गेले. त्यांचे प्रशिक्षक होते कॉलिन मीड्स, लॉकोर यांचे जिवाभावाचे जुने सोबती! डेव्हिड कर्क आणि जॉन कर्वन या दोघांनी मात्र जायला नकार दिला. परत आलेल्यांवर दोन कसोटींची बंदी आली.

आता सांगा, ऐन पेरणीला अनुभवी बैलजोड्या नाहीशा झाल्या तर काय कराल? लॉकोर यांनी नवखी पोरे उभी केली आणि कर्कला कर्णधार केले. लोक त्यांना ‘बेबी ब्लॅक्स’ म्हणू लागले. २८ जून १९८६ रोजी या पोरांनी बलाढ्य फ्रान्सला १८-९ असे हरवले. पुढे ऑस्ट्रेलियाकडून ती अवघ्या एका गुणाने हरली.

बंदी संपली. आता जुन्यांना परत घ्यावे की पोरांना ठेवावे? जुन्यांवर लोकांचा राग होता आणि नव्या-जुन्यांच्या मनांत एकमेकांविषयी अढी होती. लॉकोर यांनी कोणालाही वाळीत टाकले नाही आणि कोणाला जुन्या नावावर जागाही दिली नाही. नव्यांपैकी शॉन फिट्झपॅट्रिक आणि जो स्टॅनली टिकले. जुन्यांतले कसाला उतरलेले परत आले.

१९८७ साली पहिला विश्वचषक आला. स्पर्धा चालू असतानाच लॉकोर यांनी संघाला हॉटेलातून उचलून वायरारापातल्या पिरिनोआ या खेड्यात नेले आणि खेळाडूंना शेतकऱ्यांच्या घरी उतरवले. दुरावलेले लोक आणि खेळाडू एका टेबलावर जेवले. घरच्या अन्नाने आणि चार गोष्टी बोलल्याने जे होते, ते व्याख्यानाने होत नाही, हे या शेतकऱ्याला ठाऊक होते. २० जून १९८७ रोजी ऑकलंडच्या ईडन पार्कवर न्यूझीलंडने फ्रान्सला २९-९ असे हरवून चषक जिंकला. चषक उचलला कर्कने. पुढचा विश्वचषक मिळायला देशाला २०११ सालापर्यंत, चोवीस वर्षे, वाट पाहावी लागली.

विजयानंतर लॉकोर यांनी पद सोडले. १९९९ साली त्यांना ‘सर’ हा किताब आणि २००७ साली देशाचा सर्वोच्च सन्मान मिळाला. ३ ऑगस्ट २०१९ रोजी, वयाच्या ७८ व्या वर्षी, ते निवर्तले.

वाचकहो, भाऊबंदकीने बांध फुटलेली घरे आपल्या गावात काय कमी आहेत? कोण चुकले याचा हिशेब करत बसले की पेरणीची वेळ निघून जाते. चुकलेल्याला कामाला जुंपावे, नव्याला संधी द्यावी आणि दोघांना एका पंगतीला बसवावे, हा लॉकोर यांचा धडा रग्बी न खेळणाऱ्यालाही गिरवता येईल. गावच्या आखाड्याचे, सोसायटीचे किंवा घरचे कारभारीपण ज्यांच्याकडे आहे, त्यांनी तो जरूर मनावर घ्यावा.