आधी ‘टक्’ ऐका

किल्ली ‘ऑन’वर फिरवली की इंजेक्शनच्या गाडीत मागच्या सीटखालून दोनेक सेकंद बारीक घूं ऐकू येते, इंधनाचा पंप दाब भरत असतो. ती आली नाही म्हणून लगेच टाकी उतरवू नका. आधी फ्यूज, मग रिले: तो ‘टक्’ करतो का ते ऐका. त्याच नंबरचा हॉर्नचा रिले तिथे बसवून गाडी सुरू झाली, तर चोर सापडला. 1990च्या दशकातल्या होंडा सिव्हिकची खोड निराळी: उन्हात तापली की अडते, गार झाली की निमूट चालू! डॅशबोर्डखालच्या मुख्य रिलेत सोल्डरच्या सांध्याला केसाएवढी चीर गेलेली असते. नवा रिले उत्तम; पुन्हा सोल्डर केले तरी भागते. रिलेऐवजी वायरचा तुकडा जोडून मात्र फिरू नका. अपघातात इंजिन बंद पडले तरी पंप चालूच राहतो.